न फुटलेल्या कातडीखाली

मालवणहून कसालकडे जाणाऱ्या रस्त्यावर कट्ट्याची बाजारपेठ लागते. पावसाळा सरून चिरेखाणी पुन्हा सुरू झाल्या की या रस्त्याने जांभ्या दगडाच्या चिऱ्यांनी लादलेले ट्रक दिवसभर ये-जा करू लागतात. आणि त्याच दिवसांत आमच्या दवाखान्याच्या बाकावर अशी माणसे येऊन बसतात की ज्यांच्या अंगावर रक्ताचा थेंब नसतो, ज्यांचे एकही हाड मोडलेले नसते, ज्यांच्या कागदावर ‘मुका मार’ एवढे दोनच शब्द लिहिलेले असतात, आणि तरीही ज्यांच्या मांडीच्या वा कमरेच्या कातडीखाली एक गंभीर, बहुधा कोणाच्याच ध्यानी न आलेली दुखापत दडलेली असते.

चिरे उतरविणारा एक गडी असाच आला होता. ट्रक अवचित मागे सरकल्याने तो खाली पडला आणि मागचे चाक त्याच्या उजव्या मांडीच्या बाहेरच्या अंगाला तिरके घासत गेले. क्ष-किरणाच्या फिल्मवर मांडीचे हाड आणि कटिभागाची हाडे निर्दोष दिसत होती, त्यामुळे घरच्यांच्या जिवात जीव आला होता. आठवडा उलटल्यावर मात्र सूज ओसरण्याऐवजी वाढू लागली आणि पाय जड वाटतो म्हणून तो पुन्हा बाकावर येऊन बसला. बरोबर त्याची आवस, म्हणजे आई, होती. तिचा प्रश्न सरळ होता : “हाड शाबूत आसा मां, डॉक्टरांनु? मगे तेल लावन चोळूक काय हरकत?”

हरकत फार मोठी होती. पण ती सांगण्यापूर्वी खातरजमा करणे भाग होते. अशा वेळी मी आधी शाबूत पाय तपासतो, कारण प्रत्येक माणसाच्या कातडीचा घट्टपणा निराळा असतो आणि तुलनेवाचून बोटांना काही कळत नाही. मग दुखऱ्या मांडीवर तळहात सपाट ठेवून कातडी हलकेच पुढे-मागे सरकवून पाहतो. निरोगी कातडी थोडी सरकून अडते. येथे ती अडतच नाही, खालच्या स्नायूंशी तिचा काही संबंधच उरला नसावा अशी सैल फिरते. एका बाजूने दाबले की दुसऱ्या बाजूच्या बोटांना आतल्या द्रवाची लाट जाणवते. त्यानंतर रुग्णाला डोळे मिटावयास सांगून कापसाचा बोळा फिरवावा : सुजेच्या मध्यभागी तो लागलेलाच कळत नाही, आणि कडेला आल्यावर एकदम कळतो. या गड्याच्या मांडीवर ही तिन्ही चिन्हे होती. शिवाय तिरप्या उजेडात पाहिले असता टायरच्या नक्षीची पुसट निळसर छाप अजून ओळखू येत होती.

आत घडते ते असे. चाक जेव्हा अंगावरून दाब देत घासत जाते, तेव्हा कातडी व तिच्याखालचा मेदाचा थर एका दिशेने ओढला जातो आणि स्नायूंवरचे चिवट पांढरे आवरण जागच्या जागी राहते; शहाळ्यातील कोवळी मलई करवंटीपासून सुटावी तसे हे दोन थर एकमेकांपासून सुटतात. ते आवरण भेदून कातडीला रक्त पुरविणाऱ्या बारीक वाहिन्या, लसिकेच्या नलिका आणि संवेदना नेणारे तंतू या ओढाताणीत तुटून जातात. निर्माण झालेल्या पोकळीत रक्त, लसिका आणि मृत मेदाचे कण साचू लागतात. पुढे काही आठवड्यांत शरीर या संचयाभोवती तंतुमय पिशवी विणते, आणि एकदा ती पक्की झाली की आतला द्रव आपोआप शोषला जाण्याची आशा मावळते. मांडीच्या वरच्या टोकाचा बाहेरचा उंचवटा, कटिभाग, नितंब, कमर आणि गुडघा ही या दुखापतीची नेहमीची ठिकाणे होत.

पॅरिसचे शल्यवैद्य मोरेल-लाव्हाले यांनी १८५३ साली तिचे प्रथम वर्णन केले आणि आजही ती त्यांच्याच नावाने ओळखली जाते. त्यांचा रुग्ण चालत्या आगगाडीतून पडलेला होता. आमच्याकडे बोरीबंदर ते ठाणे ही पहिली आगगाडी धावली तेही १८५३ सालीच, १६ एप्रिलला. यंत्राच्या चाकांनी माणसाला वेग दिला आणि त्याबरोबरच ही दुखापतही वारंवार दिसू लागली, असे मला या दोन नोंदी शेजारी ठेवल्या असता वाटते. इतका काळ लोटूनही अशा दुखापतींपैकी सुमारे एक तृतीयांश पहिल्या तपासणीत निसटतात, असे वैद्यकीय ग्रंथ सांगतात. अपघाताच्या रुग्णाचे मोडलेले हाड, फुटलेली प्लीहा, डोक्याचा मार यांकडे धाव घेताना न फुटलेल्या कातडीकडे कोणाचे लक्ष जावे? आणि कित्येकदा पहिल्या दिवशी तेथे पाहण्यासारखे काही नसतेच; सूज काही दिवसांनी, क्वचित काही महिन्यांनी प्रकट होते.

संशय आला की सोनोग्राफी करावी. मेद आणि स्नायूंवरचे आवरण यांच्या नेमक्या मधोमध द्रवाचा काळा पट्टा दिसतो, यंत्राचा दाब दिला की तो चपटा होतो, आणि त्यात रक्तप्रवाह आढळत नाही. ही शेवटची बाब महत्त्वाची, कारण मांसल भागातील कर्करोगाची गाठही वरून अशीच मऊ भासू शकते. जुन्या, पिशवी धरलेल्या संचयाचे खरे स्वरूप एम.आर.आय.वरच उलगडते. आमचे रुग्ण त्यासाठी, सिंधुदुर्गाच्या जुन्या परिपाठाप्रमाणे, गोव्यात बांबोळीच्या रुग्णालयात जातात.

उपचाराची तजवीज दोन प्रश्नांवर ठरते : संचय किती, आणि तो किती जुना. नव्या, लहान संचयाला घट्ट इलॅस्टिक पट्टी पुरते. मात्र ती आठवडेच्या आठवडे नीट राहिली पाहिजे, आणि मांडीच्या मुळाशी पट्टी टिकविणे हे सोपे काम नव्हे. द्रव नुसता सुईने काढून टाकण्याचा मोह रुग्णाला आणि वैद्यालाही होतो. मेयो क्लिनिकच्या २०१४ सालच्या अभ्यासात असे आढळले की एका वेळी ५० मिलिलिटरपेक्षा अधिक द्रव निघाला तर तो पुन्हा साचण्याचा संभव फार मोठा असतो; सबब अशा रुग्णाला शस्त्रक्रियेकडे न्यावे. लहान छेदांवाटे आतील मृत मेद ब्रशने स्वच्छ करून शोषक नळी ठेवण्याची पद्धत २००६ साली प्रसिद्ध झाली, आणि चोवीस तासांतील स्राव ३० मिलिलिटरच्या खाली येईपर्यंत ती नळी काढावयाची नसते. जुन्या पिशवीत डॉक्सिसायक्लिन घालून तिच्या भिंती एकमेकींस चिकटवितात. तेवढ्याने भागले नाही तर पिशवीच कापून काढावी लागते, आणि वरची कातडी मेलीच असेल तर कातडीचे रोपण करावे लागते.

त्या आवशीला मी तेल का नको म्हटले, तेही येथेच सांगतो. चोळण्याने सुटलेले थर आणखी सुटतात, उरल्यासुरल्या वाहिन्या तुटतात; शेक दिल्यास बधिर कातडीला चटका कळत नाही आणि ती भाजते. शिवाय हा साचलेला द्रव जंतूंना पोषक असतो. कटिभागाच्या अस्थिभंगासह आलेल्या २४ अशा दुखापतींचा अभ्यास १९९७ साली प्रसिद्ध झाला, तेव्हा कातडी फुटलेली नसतानाही त्यांपैकी ४६ टक्क्यांत जंतू सापडले होते. तिने सारे ऐकून घेतले आणि तेलाची बाटली मुकाट्याने पिशवीत ठेवून दिली. गड्याला पुढच्या रुग्णालयात नळी घालावी लागली, आणि तो पुन्हा कामावर जाण्यास बराच अवधी गेला.

हा अवधी कायद्याच्या दृष्टीनेही महत्त्वाचा आहे. जुन्या दंड संहितेच्या ३२० व्या कलमान्वये २० दिवस तीव्र वेदना भोगाव्या लागल्या किंवा नित्याचे काम करता आले नाही तर ती जबर दुखापत ठरत असे; १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय न्याय संहितेच्या ११६ व्या कलमात ही मुदत १५ दिवसांची आहे. पहिल्या दिवशी दिलेल्या दाखल्यावर ‘साधी दुखापत’ अशी नोंद पडून राहिली आणि दुसऱ्या आठवड्यात वर आलेली सूज कोणी नोंदविली नाही, तर अंगमेहनतीवर जगणाऱ्या इसमाचा न्याय्य हक्क कागदावरच बुडतो.

म्हणून या टापूतील माझ्या सहव्यवसायी मित्रांना माझी विनंती आहे की ज्याच्या अंगावरून चाक घासत गेले आहे अशा कोणालाही, हाड निर्दोष असले तरी, दुसऱ्या आठवड्यात पुन्हा बोलवावे, दोन्ही बाजूंची कातडी हाताने पडताळावी आणि जे आढळेल ते दाखल्यावर तारखेसह लिहावे. आणि घरोघरच्या मंडळींना एवढेच सांगणे की सूज उतरत नसेल तर चोळू नये, शेकू नये, सुई टोचून घेऊ नये. पहिल्या दिवसाचे कागद बरोबर घेऊन पुन्हा दवाखान्यात यावे.