तारेच्या आतलं सोलापूर

१८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा आधी उत्तर हिंदुस्थानापुरता होता. १९११ मध्ये तो नव्याने झाला, मुंबई इलाख्यालाही लागू करता येऊ लागला, आणि जमातीच्या जमातीची नोंद करून माणसांच्या बोटांचे ठसे घेण्याचा अधिकार सरकारला मिळाला. पुढच्याच वर्षी फ्रान्सने तिथल्या फिरस्त्यांसाठी कायदा केला. शरीराची मापं, ठसे आणि फोटो असलेली वही रोमा कुटुंबांना सतत जवळ बाळगावी लागू लागली. हे रोमा म्हणजे साधारण हजार वर्षांपूर्वी आपल्याच वायव्येकडून पश्चिमेला गेलेले लोक. भाषेच्या अभ्यासकांनी हे नातं अठराव्या शतकातच ओळखलं होतं. तरी जे तिकडे गेले आणि जे इथे राहिले, त्यांच्या नशिबी वही सारखीच आली.

सोलापुरात १८६० मध्ये रेल्वे आली. बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य वाहणाऱ्या लमाणांचा धंदा देशभर रेल्वेने आणि पक्क्या सडकांनी बुडवला. सरकारी जंगल कायद्यांनी पारध्यांची शिकार गुन्हा ठरवली. पोट भरायची वाट आधी बंद करायची आणि मग हा माणूस भटकतो म्हणून त्याच्या मागे पोलीस लावायचे, असा तो क्रम होता. पोलिसांच्या कागदांत मात्र चोरी ‘वंशपरंपरेने’ आलेली असे. सुताराचा मुलगा सुतार, तसा चोराचा मुलगा चोर. जातिव्यवस्थेचं इतकं सोयीचं वाचन साहेबाइतकं कोणी केलं नसेल.

मग सेटलमेंट आली. विजापूर भागात ओ. एच. बी. स्टार्ट या सनदी अधिकाऱ्याने जी पद्धत बसवली, तीच सोलापुरात मोठ्या प्रमाणावर आली. अमेरिकन मराठी मिशनचाही इथल्या कामात हात होता. कैकाडी, पारधी, भामटा, टकारी, कंजारभाट अशा जमातींची कुटुंबं तारेच्या कुंपणाआड ठेवली गेली. हजेरी, बाहेर जायला पास, वेळेत परत. शहरात १८७७ पासून जुनी मिल धडधडत होती आणि पाठोपाठ आणखी गिरण्या आल्या होत्या. कुंपणाआडच्या माणसांना तिथे कामावर पाठवलं जाई. सुधारणेच्या या योजनेत शाळा होती, दवाखाना होता, हे खरंच. पण पळून जाऊ न शकणारा मजूर गिरणीमालकाला आयता मिळत होता, हेही तितकंच खरं, आणि मला दुसरी गोष्ट अधिक बोलकी वाटते. स्टार्ट माणूस म्हणून वाईट नसावा. १९२८ मध्ये अस्पृश्य आणि आदिवासी यांच्या स्थितीवर नेमलेल्या समितीचा तो अध्यक्ष होता आणि डॉ. आंबेडकर तिचे सदस्य. पण चांगल्या माणसाच्या हातातली हजेरीही हजेरीच असते. कोल्हापुरात शाहू महाराजांनी हजेरीची पद्धत १९१८ मध्येच बंद केली होती.

मुंबई प्रांताने गुन्हेगार जमाती कायदा १९४९ मध्ये रद्द केला, देशभर तो ३१ ऑगस्ट १९५२ ला गेला आणि त्यात नोंदलेल्या जमाती ‘विमुक्त’ म्हणवल्या जाऊ लागल्या. पंडित नेहरूंनी इथलं कुंपण तोडल्याची आठवण सोलापुरात अजून सांगितली जाते. पण १९५९ मध्ये सराईत गुन्हेगारांसाठी नवा कायदा आला. आता नोंद जमातीची नव्हे, माणसाची होणार होती. फौजदाराची नजर मात्र जुन्याच वस्त्यांकडे वळे.

या माणसांनी स्वतःविषयी लिहायला घेतलं आणि बाहेरच्यांच्या नजरेला पहिल्यांदा धक्का बसला. लक्ष्मण माने यांचं ‘उपरा’ १९८० मध्ये आलं, लक्ष्मण गायकवाडांचं ‘उचल्या’ १९८७ मध्ये. दोन्हींना साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. करमाळा तालुक्यातल्या नेरल्याचा किशोर शांताबाई काळे डॉक्टर झाला आणि १९९४ मध्ये ‘कोल्हाट्याचं पोर’ लिहून गेला. तमाशाला शिट्ट्या मारणाऱ्या मराठी रसिकाला फडामागची आई तेव्हा कुठे दिसली. पुढे भटक्या-विमुक्तांसाठीच्या राष्ट्रीय आयोगाचं अध्यक्षपद सोलापूरच्याच बाळकृष्ण रेणके यांच्याकडे आलं. २००८ च्या त्यांच्या अहवालाचं काय झालं, हे विचारण्याची आता कोणी तसदीही घेत नाही.

पुस्तकं वाचणारे बदलले, असं म्हणेपर्यंत १ जुलै २०१८ उजाडली. धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्याला बाजाराच्या दिवशी नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना जमावाने ठार मारलं. भिक्षा मागत फिरणारी ही माणसं, बहुतेक मंगळवेढा तालुक्यातली. मुलं पळवणारी टोळी आली आहे, असा मजकूर मोबाईलवर फिरत होता. २०१३ मध्ये ग्रीसमध्ये एका रोमा जोडप्याकडे सोनेरी केसांची मुलगी सापडली, तेव्हाही जगभर ‘पळवलेली मुलगी’ म्हणून गाजावाजा झाला होता. तपासात निघालं, तिचे जन्मदाते बल्गेरियातले रोमाच होते. फिरस्ते पोरं चोरतात ही अफवा कुठल्याही कायद्यापेक्षा जुनी आहे, तिला रद्द करायला विधिमंडळ नाही. राईनपाड्याच्या खटल्यात २०२४ मध्ये सात जणांना जन्मठेप झाली. त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने तुरुंगांच्या नियमावल्यांमधल्या जातीय भेदाच्या तरतुदी घटनाबाह्य ठरवल्या. विमुक्त जमातींना जन्मजात गुन्हेगार समजणारी भाषा त्या नियमावल्यांत तोवर टिकून होती.

उरला जातीच्या दाखल्याचा प्रश्न. लमाण तेलंगणात अनुसूचित जमातीत, कर्नाटकात अनुसूचित जातीत आणि महाराष्ट्रात विमुक्त जातीत. सोलापूरकराला हे अंतर एसटीच्या एका फेरीत पार होतं. शिवाय विमुक्त-भटक्यांच्या दाखल्यासाठी २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वी कुटुंब महाराष्ट्रात राहत होतं याचा पुरावा लागतो. ज्यांचे आजोबा तारेआड होते त्यांच्यासाठी जुन्या सरकारी नोंदी निदान शोधता तरी येतात. ज्यांचं बिऱ्हाड गाढवाच्या पाठीवर होतं, ज्यांची कोणी हजेरीही घेतली नाही, त्यांनी तहसीलदारासमोर कुठल्या पालाचा उतारा ठेवायचा?