जिन्नांचा मलबार हिलवरचा बंगला नेमका कुणाचा?

अणुशक्ती केंद्र आलं, एमआयडीसी आली, तेव्हापासून बोईसर-तारापूरकडं सातबारा आणि वारसनोंद हे शब्द सगळ्यांच्या तोंडी आहेत. पण वारसाचा एक वाद असा आहे की त्यात दोन देश उतरले. मुंबईच्या मलबार हिलवरचं जिन्ना हाऊस.

साधारण अडीच एकरांच्या जागेत १९३६ च्या सुमारास मोहम्मद अली जिन्नांनी हा बंगला बांधून घेतला. आर्किटेक्ट होते क्लॉड बॅटली, खर्च आला सुमारे दोन लाख. इटालियन संगमरवर, अक्रोडाचं लाकूड, सगळं हौसेनं. सप्टेंबर १९४४ मध्ये गांधी-जिन्ना बोलणी इथंच झाली आणि फिसकटली.

ऑगस्ट १९४७ मध्ये जिन्ना कराचीला गेले, पण बंगल्यातला जीव काही सुटला नाही. त्यांची इच्छा म्हणून नेहरूंनी तो लगेच ताब्यात घेतला नाही. जिन्ना १९४८ मध्ये वारले. पुढं सरकारनं बंगला 'निर्वासित मालमत्ता' धरला, म्हणजे फाळणीत देश सोडून गेलेल्याची मालमत्ता. बरेच जण याला 'शत्रू मालमत्ता' म्हणतात. पण तो कायदा १९६८ चा, युद्धानंतरचा. दोन्हींची गल्लत करू नका.

नंतर कित्येक वर्षं इथं ब्रिटिश उपउच्चायुक्त राहिले. १९८० च्या दशकात ते गेले आणि बंगला ओस पडला. पाकिस्तान मात्र वकिलातीसाठी तो मागत राहिला.

खरा पेच २००७ चा. जिन्नांची एकुलती मुलगी दिना वाडिया हायकोर्टात गेल्या. सरकार म्हणत होतं, १९३९ च्या मृत्युपत्रात बंगला बहीण फातिमांना दिलाय आणि त्या पाकिस्तानात गेल्या, म्हणजे विषय संपला. दिनांचं म्हणणं, वडील खोजा, खोजांना वारसाबाबत हिंदू रूढी लागू होते, म्हणून वारस मीच. गंमत बघा, पाकिस्तानच्या संस्थापकाच्या घरासाठी आधार हिंदू वारसा रूढीचा! खरं तर हा मुद्दा अजिबात लंगडा नव्हता, कारण ब्रिटिश काळापासून कोर्टांनी खोजांच्या बाबतीत ही रूढी मानलेली होती.

नोव्हेंबर २०१७ मध्ये दिना न्यूयॉर्कमध्ये वारल्या. २०१८ मध्ये सुषमा स्वराज यांच्या पत्रातून कळलं की बंगला परराष्ट्र मंत्रालयाच्या नावावर होतोय, दिल्लीच्या हैदराबाद हाऊससारखा पाहुण्यांसाठी वापरायला.