मोठ्या आतड्याची दुर्बीण आणि गुंगीची मात्रा

पोटावर शस्त्र न चालविता मोठ्या आतड्याचे अंतरंग आरंभापासून अखेरपर्यंत न्याहाळावे, आणि पुढेमागे कर्करोगाचे रूप घेऊ शकेल असा पॉलिप दिसताच तो त्याच बैठकीत तारेच्या फासाने कापून काढावा, हे सामर्थ्य वैद्यकाला लाभून अजून साठ वर्षेही झालेली नाहीत. 1954 साली हॅरॉल्ड हॉपकिन्स आणि पंजाबातील मोग्याचे नरिंदरसिंग कपानी यांनी लंडनच्या इंपीरियल कॉलेजात केलेल्या संशोधनातून, काचेच्या सूक्ष्म तंतूंच्या जुडग्यातून प्रतिमा वाकड्या वाटेनेही नेता येते हे सिद्ध झाले. आणि 1969 च्या सुमारास न्यूयॉर्कच्या बेथ इस्रायल रुग्णालयात विल्यम वुल्फ व हिरोमी शिन्या यांनी अशा तंतूंच्या लवचिक दुर्बिणीला शस्त्रक्रियेचीही जोड दिली. आज तंतूंची जागा टोकावरील इवल्या कॅमेऱ्याने घेतली आहे.

या तपासणीची धास्ती सर्वांत अधिक असते ती वेदनेची, आणि ती वेदना कोठून उपजते हे रुग्णाला क्वचितच सांगितले जाते. आतड्याची भिंत कापली असता दुखत नाही. ती ताणली असता दुखते. डाव्या बाजूच्या नागमोडी भागात नळी पुढे ढकलताना तिचा वेढा पडतो, वेढ्याबरोबर आतडे ताणले जाते आणि पोटात कळ उठते. अशा वेळी कसबी डॉक्टर बळ न लावता नळी किंचित मागे घेतो, पिळा देऊन वेढा सोडवितो, परिचारिकेला पोटावर हात दाबून धरावयास सांगतो, किंवा डाव्या कुशीवरील रुग्णाला पाठीवर वळवितो. आणि वेढा सुटला की जवळजवळ दीड मीटरच्या आतड्याचे टोक सत्तर-ऐंशी सेंटिमीटर नळीतच गाठले जाते. आतडे फुगविण्यासाठी साध्या हवेऐवजी कार्बन डायऑक्साइड वापरला असता तो लौकर शोषला जाऊन नंतरची पोटफुगी पुष्कळ कमी होते. खरे निरीक्षण मात्र परतीच्या वाटेवर होते, आणि त्यास निदान सहा मिनिटे दिली पाहिजेत असा मान्य दंडक आहे.

गुंगीचे प्रकार दोन. मिडाझोलाम आणि फेन्टानिल यांच्या बेताच्या मात्रेने रुग्ण पेंगतो, हाकेला ओ देतो, पुढे पुष्कळसे विसरतो. या दोन्ही औषधांवर उतारा उपलब्ध आहे. दुधासारखे पांढरे प्रोपोफॉल मिनिटाभरात गाढ झोप आणते व तितक्याच त्वरेने ओसरते, पण त्यावर उतारा नाही, आणि मात्रा अधिक झाल्यास श्वास मंदावतो. म्हणून ते देताना नळी चालविणाऱ्याखेरीज, केवळ श्वास, नाडी व रक्तातील प्राणवायू यांवर लक्ष ठेवणारा भूलतज्ज्ञ हजर असावा, यात तडजोड नसावी. गुंगीवाचूनही ही तपासणी होते, नॉर्वेत ती अनेकदा तशीच करतात. गाढ झोप म्हणजेच सुरक्षितता ही समजूत मला घातक वाटते. सुरक्षितता हलक्या हातात व जागत्या नजरेत आहे.

नुसत्या तपासणीत आतड्याला छिद्र पडण्याचा प्रसंग हजारांत एखादा, बहुधा त्याहूनही विरळा. पॉलिप काढल्यास मात्र धोका थोडा वाढतो, आणि रक्तस्राव दोन आठवड्यांपर्यंत उशिराही होऊ शकतो. झोपेत श्वास अडकणे, हृदयविकार, मूत्रपिंडाचे दुखणे, रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या, इन्सुलिन, यांची माहिती आगाऊ द्यावी. त्या गोळ्या परस्पर बंद करू नयेत. जुलाबाचे औषध निम्मे आदल्या संध्याकाळी व निम्मे तपासणीच्या दिवशी पहाटे घेतल्यास आतडे अधिक स्वच्छ होते, आणि आतडे मलिन राहिले तर निष्णात डोळ्यालाही पॉलिप दिसत नाही, म्हणून या कामी हयगय करू नये.

संमतिपत्रावर सही करण्यापूर्वी गुंगी कोण देणार, श्वासावर कोण लक्ष ठेवणार, आणि प्रसंग आल्यास तजवीज काय, हे प्रश्न निःसंकोच विचारावेत; ते विचारणे हा रुग्णाचा हक्क आहे. घरी नेण्यास जाणते माणूस सोबत असावे. गुंगी घेतल्यावर चोवीस तास वाहन चालवू नये, खरेदीखत वा मुखत्यारपत्रावर सही करू नये. आणि पोटात असह्य कळ, ताप किंवा शौचावाटे पुष्कळ रक्त दिसल्यास सकाळची वाट न पाहता रुग्णालय गाठावे.