घरचा कोंबडीचा रस्सा

आमच्या धर्माबादची लाल मिरची दूरवर जाते. पण रस्सा लालभडक दिसला म्हणजे चांगलाच झाला, असं नाही. सुटी विकत आणलेली पूड चिमूटभर घेऊन पेलाभर पाण्यावर टाकून पाहा. रंगाच्या रेघा खाली उतरल्या, तर तिच्यात वरून रंग घातला आहे. विटेची भुकटी असेल तर ती तळाशी बसते. म्हणून आम्ही अख्ख्या मिरच्या घेतो, उन्हात वाळवतो नि कांडून आणतो.

कांदा, सुकं खोबरं, धने भाजावेत. लसूण, आलं घालून बारीक वाटावं. हे वाटण तेल सुटेपर्यंत परतावं. इथं घाई नको. सारी चव इथंच आहे. मग कोंबडी, हळद, मिरची, मीठ घालून परतावं नि गरम पाणी ओतावं.

गावरान कोंबडी शिजायला वेळ घेते. घेऊ द्या. २००६ साली नंदुरबार जिल्ह्यात नवापूरला कोंबड्यांवर बर्ड फ्लूचा रोग आला होता. नीट शिजवलं की त्याचे जंतू मरतात. हाडाजवळ रक्त दिसलं, तर पातेलं पुन्हा चुलीवर ठेवावं. आणि कच्चं मांस कापलेल्या विळीवर तशीच कोथिंबीर चिरू नये. विळी नि हात आधी साबणानं धुवावेत.

तोवर भाकरी थापून होतात.