टोनी स्टार्कची माळ

आपल्या खानदेशात दारू सोडायची एक जुनी रीत आहे: माळ घालायची. गळ्यात तुळशीची माळ पडली की दारू-मटण बंद. मग गावही आग्रह करत नाही. पण एखाद्या वरातीत घोटभर घेतली, की लोक म्हणतात, 'गेली त्याची माळ.' आणि बऱ्याचदा तो माणूस दुसऱ्या दिवसापासून पूर्वीपेक्षा जास्त प्यायला लागतो. एका घोटाने असं काय होतं?

याचं उत्तम उदाहरण चक्क एका सुपरहिरो कॉमिकमध्ये आहे. १९७९ मध्ये मार्व्हलच्या 'आयर्न मॅन'ची 'डेमन इन अ बॉटल' ही कथामाला आली, अंक १२० ते १२८. चिलखतातला टोनी स्टार्क दारूत बुडतो आणि बेथनी केब या मैत्रिणीच्या आधाराने शेवटच्या अंकात बाहेर येतो. म्हणजे माळ घातली, विषय संपला! मला हा शेवट जरा घाईचाच वाटतो.

१९८३ च्या सुमारास लेखक डेनी ओ'नील यांनी स्टार्कला पुन्हा प्यायला लावलं. प्रेमात फसवणूक झाली आणि ग्लास हातात आला. मग चिलखत मित्र ऱ्होड्सकडे गेलं, कंपनी शत्रू स्टेनच्या घशात, आणि हा अब्जाधीश न्यूयॉर्कच्या फुटपाथवर.

आता संशोधनाकडे वळू. सिएटलचे मानसशास्त्रज्ञ ॲलन मार्लट आणि ज्युडिथ गॉर्डन यांनी १९८५ मध्ये व्यसन पुन्हा जडण्यावर एक पुस्तक काढलं. त्यांनी दोन गोष्टी वेगळ्या केल्या: एकदा पाय घसरणं आणि पुन्हा पूर्ण व्यसनात जाणं. पहिलीतून दुसरी आपोआप होत नाही. मधे माणूस स्वतःला काय सांगतो, ते महत्त्वाचं. 'मी मुळातच कमकुवत, आता सगळं संपलं' असं म्हटलं की अपराधीपणा येतो, आणि तो बुडवायला परत दारूच. याला आपण 'संयमभंगाचा परिणाम' म्हणू. याउलट 'त्या दिवशी, त्या मित्रांबरोबर, भांडणानंतर घसरलो' असं म्हणणाऱ्याला पुढच्या वेळी काय टाळायचं हे तरी कळतं. मार्लट यांच्या मते घसरण्याच्या मोठ्या जागा तीन: वाईट मनःस्थिती, जवळच्यांशी भांडण आणि चारचौघांचा आग्रह. (आपली वरात तिसऱ्यात बसते.) अर्थात दारूची शारीरिक ओढही असतेच, सगळा खेळ विचारांचा नाही. आणि रोज पिणाऱ्याने एकदम बंद केली तर फिट येऊ शकते, जीवही जाऊ शकतो, म्हणून आधी डॉक्टर.

म्हणूनच पुण्याचं मुक्तांगण, जे डॉ. अनिता आणि अनिल अवचट यांनी १९८६ मध्ये सुरू केलं, पेशंट घरी गेल्यावरही पाठपुरावा करतं.

स्टार्क दुसऱ्यांदा दारू सोडतो तो १९८४ च्या अंक १८२ मध्ये, बर्फाच्या वादळात. पण पूर्णवेळ आयर्न मॅन व्हायला त्याला अंक २०० उजाडावा लागतो. मधल्या काळात तो मित्रांबरोबर कॅलिफोर्नियात इलेक्ट्रॉनिक्सची छोटी कंपनी चालवतो.