श्रद्धेचा हिशेब कारखान्यात

१८६१ साली रिचर्ड आणि जॉर्ज कॅडबरी या भावांच्या हाती वडिलांचा धंदा आला, तो बुडायच्या बेतात असतानाच. बर्मिंगहॅमच्या बुल स्ट्रीटवर जॉन कॅडबरी यांनी १८२४ साली चहा, कॉफी आणि कोकोचं दुकान थाटलं होतं. जॉर्ज तेव्हा अवघे २१ वर्षांचे होते. आईकडून आलेला वारसा दोघांनी धंद्यात ओतला आणि काटकसरीनं दिवस काढले.

कॅडबरी कुटुंब क्वेकर पंथाचं. या ख्रिस्ती पंथाच्या इंग्लंडमधल्या सभेत पाद्री नसतो. सगळे निःशब्द बसतात आणि ज्याला आतून प्रेरणा होईल तो उठून बोलतो. ऑक्सफर्ड-केंब्रिजची दारं या मंडळींना दीर्घकाळ बंद होती. त्यामुळे कर्तबगार क्वेकर व्यापाराकडे वळले. फ्राय आणि राउंट्री हे चॉकलेटवाले याच पंथातले.

त्या काळी कोकोतली चरबी वर तरंगू नये म्हणून त्यात बटाट्याचं पीठ, साबुदाणा असं काहीबाही मिसळत. जॉर्जनी हॉलंडहून व्हॅन हाउटेनचं दाबयंत्र आणलं. चरबी पिळून काढली की मिसळायची गरजच उरेना. १८६६ साली ‘कोको एसेन्स’ निर्भेळ म्हणून बाजारात आला आणि धंदा सावरला. धर्मानं सांगितलेला सचोटीचा नियम इथे यंत्राच्या रूपानं कारखान्यात शिरला.

जॉर्ज यांचा रविवार मात्र कामगारांच्या शाळेचा. सुमारे ५० वर्षं ते सकाळी लवकर सेव्हर्न स्ट्रीटला जात आणि प्रौढ कामगारांना लिहायला-वाचायला आणि बायबल शिकवत. विद्यार्थ्यांच्या घरी जाणं-येणं झालं आणि कोंदट वस्त्यांतलं जिणं त्यांनी जवळून पाहिलं. एवढ्या अंधारात माणसाला नुसता उपदेश करून भागणार नाही, हे त्यांना उमगलं.

१८७९ साली कारखाना शहराबाहेर, बोर्नव्हिलला गेला. १८९५ पासून शेजारी घरं उभी राहू लागली. प्रत्येक घराला बाग, बागेत फळझाडं, आणि दारूचा गुत्ता वस्तीत कुठेच नाही. ही घरं फक्त आपल्या कामगारांसाठी नव्हती. १९०० साली जॉर्जनी सारी वसाहत विश्वस्तांच्या स्वाधीन केली आणि मालकी सोडली. मला त्यांच्या आयुष्यातली ही सर्वांत मोठी गोष्ट वाटते. दान देणारे पुष्कळ असतात, पण मालकीच सोडून देणारे फार थोडे.

या उजेडाला एक काळी बाजूही आहे. कोकोच्या बिया पोर्तुगिजांच्या साओ तोमे बेटावरून येत, आणि तिथले मळे गुलामांसारख्या राबवलेल्या मजुरांवर चालत. १९०१ मध्ये याची कुणकुण कंपनीला लागली. चौकशीसाठी माणूस धाडला, पोर्तुगाल सरकारशी बोलणी झाली, पण खरेदी थांबली ती थेट १९०९ साली. ‘स्टँडर्ड’ या वृत्तपत्रानं दांभिकपणाचा आरोप केला. कंपनीनं बदनामीचा खटला भरला, तो जिंकलाही. पण ज्यूरीनं नुकसानभरपाई दिली फक्त एक फार्दिंग, म्हणजे पाव पेनी. आपल्या दारातल्या मजुरासाठी जागा असलेला विवेक समुद्रापलीकडच्या मजुरासाठी आठ वर्षं वाटाघाटींत अडकला, हे विसरून कॅडबरींचं कौतुक करता येणार नाही.

तरी सत्ता आणि पैसा यांच्यापुढे जॉर्ज वाकले नाहीत. दक्षिण आफ्रिकेत ब्रिटन लढत असलेल्या बोअर युद्धाला विरोध करणं लोकांना रुचत नव्हतं, तेव्हा त्यांनी १९०१ मध्ये ‘डेली न्यूज’ या पत्रात पैसा घालून युद्धविरोधी आवाजाला जागा दिली. म्हातारपणीच्या पेन्शनसाठीही ते झटले. १९०३ साली त्यांनी ‘वुडब्रुक’ हे स्वतःचं जुनं घर क्वेकर अभ्यासकेंद्रासाठी दिलं. जॉर्ज १९२२ मध्ये वारले. १९३१ साली गोलमेज परिषदेसाठी इंग्लंडला गेलेले गांधीजी याच वुडब्रुकला येऊन गेले.

कॅडबरी कंपनी १९४८ मध्ये मुंबईत आली आणि पुढे ठाण्यात तिचा कारखाना झाला. आपल्याकडे सणाला पेढ्यांच्या शेजारी तिचा डबा असतो. त्या डब्याच्या मूळ मालकाकडून आजच्या उद्योजकानं घ्यावं ते एवढंच: देवळात किंवा चर्चमध्ये दिलेल्या देणगीवरून श्रद्धेचं मोजमाप होत नाही. मालात काय मिसळलं, कामगार कुठे राहतो आणि कच्चा माल कोणाच्या घामातून आला, या तीन प्रश्नांवर ते होतं. जॉर्ज कॅडबरींनी पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरं चोख दिली. तिसऱ्याला उशीर केला, आणि म्हणूनच तो प्रश्न आपण आधी विचारला पाहिजे.