कोरियन लाट : घरचा प्रेक्षक आणि जगाचा प्रेक्षक

दक्षिण कोरियातील चित्रपट, मालिका आणि गाणी यांना गेल्या पंचवीस-तीस वर्षांत जगभर जो लोकाश्रय लाभला, त्याला ‘हाल्ल्यू’ म्हणजे ‘कोरियन लाट’ म्हणतात. हे नाव १९९० च्या दशकाच्या अखेरीस चीनमध्ये रूढ झाले. नाव सुटसुटीत असले तरी थोडे फसवे आहे; कारण लाट आपोआप येते, आणि या लाटेसाठी दीर्घकाळ मेहनत घेतली गेली होती.

या कथेच्या आरंभी बहुधा एक हिशेब सांगितला जातो. १९९४ मध्ये अध्यक्ष किम यंग-साम यांना त्यांच्या विज्ञान-तंत्रज्ञान सल्लागार मंडळाने दाखवून दिले की, ‘जुरासिक पार्क’ या एका चित्रपटाची मिळकत ह्युंदाईच्या १५ लाख मोटारींच्या विक्रीइतकी आहे. मोटारी आणि जहाजे विकून वर आलेल्या देशाला ही तुलना चटकन पटली. परंतु केवळ सरकारी उत्तेजनाने कला बहरत असती, तर अनुदान मिळालेले सगळेच चित्रपट एव्हाना अजरामर झाले असते!

खरे बळ अन्यत्र होते. कोरियन चित्रपटगृहांना १९८५ पासून वर्षातील १४६ दिवस स्वदेशी चित्रपट दाखवणे बंधनकारक होते. १९८८ मध्ये अमेरिकन वितरकांना थेट प्रवेश मिळाला, तेव्हा विरोधाची मजल चित्रपटगृहात साप सोडण्यापर्यंत गेली. हा मार्ग समर्थनीय नव्हे. पण त्यातून त्या वेळची धास्ती कळते. पुढे १९९६ मध्ये घटना न्यायालयाने चित्रपटांची पूर्वतपासणी घटनाबाह्य ठरवली. संरक्षण होतेच, आता मोकळीकही मिळाली. १९९९ मध्ये ‘शिरी’ या चित्रपटाने कोरियात ‘टायटॅनिक’ला मागे टाकले. २००६ मध्ये त्या १४६ दिवसांचे ७३ करण्यात आले, तोवर घरचा प्रेक्षक आपल्या चित्रपटांना सरावला होता.

मग परदेशाची दारे उघडली. ‘विंटर सोनाटा’ ही मालिका २००३ मध्ये जपानच्या एनएचकेने दाखवली आणि तेथील मध्यमवयीन स्त्रिया तिच्या अक्षरशः भक्त झाल्या. ज्या जपानने १९१० ते १९४५ कोरियावर राज्य केले आणि ज्याच्या चित्रपट-गीतांना कोरियात १९९८ पर्यंत मज्जाव होता, त्याच जपानमध्ये हे घडावे, यात इतिहासाचा मिस्कीलपणा आहे.

सरकारचे प्रेमही अखंड नव्हते. अध्यक्षा पार्क ग्युन-हे यांच्या राजवटीत नावडत्या कलावंतांची काळी यादी ठेवली गेल्याचे २०१६ मध्ये उघड झाले. त्या यादीत दिग्दर्शक बाँग जून-हो यांचे नाव होते. त्यांच्याच ‘पॅरासाइट’ला २०२० मध्ये सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे ऑस्कर मिळाले, इंग्रजी नसलेल्या चित्रपटाला हा मान प्रथमच लाभला.

येथे मराठी माणसाच्या मनात तुलना येणे स्वाभाविक आहे. २०११ च्या जनगणनेनुसार मराठी मातृभाषा असणारे ८ कोटी ३० लाख आहेत. दोन्ही कोरियांची एकत्रित लोकसंख्याही याहून कमी भरते. तेव्हा भाषा लहान म्हणून प्रेक्षक नाही, ही सबब टिकत नाही. मात्र तुलना फार ताणूही नये. सामान्य कोरियन प्रेक्षकाला हॉलिवूडपट पाहताना भाषांतराची ओळ वाचावी लागते. मराठी प्रेक्षकाला, आणि इंदूर-ग्वाल्हेरकडच्याला तर विशेषच, हिंदी चित्रपट परका वाटत नाही. आपली स्पर्धा उंबरठ्याच्या आत आहे, आणि तिला दिवसांचे कोष्टक आखून देणे पुरेसे नाही.

कोरियाचेही सारे आलबेल नाही. ह्वांग डाँग-ह्योक यांनी ‘स्क्विड गेम’ची कल्पना २००८-०९ च्या सुमारास लिहून काढली होती, देशातील निर्मात्यांनी ती वर्षानुवर्षे नाकारली. अखेर नेटफ्लिक्सने ती पत्करली आणि २०२१ मध्ये ती जगभर गाजली. भाषा कोरियन, नट कोरियन, खेळ कोरियन मुलांचे. हक्क मात्र अमेरिकन कंपनीच्या हाती गेले.